बडतर्फ नामाची उघाडी

सरकारी नोकरीतून माणसाला हाकलणं वाटतं तितकं सोपं नाही. त्याला भाषा लागते. ‘उद्यापासून येऊ नकोस’ हे कुणीही म्हणेल. पण ‘सदर कर्मचाऱ्याचे वर्तन कर्तव्यपरायणतेचा पूर्ण अभाव दर्शविणारे असल्याने त्यांस सेवेतून बडतर्फ करण्यात येत आहे’ असं लिहायला एकोणतीस वर्षांची तपश्चर्या लागते, आणि ती मी केली आहे. मी नंदकुमार, खाडी निचरा मंडळाच्या बेलापूर कार्यालयात आस्थापना शाखेचा तेव्हाचा वरिष्ठ लिपिक. साहेब लोक सह्या करतात, शब्द माझे असतात. नामाच्या बडतर्फीचा आदेश माझाच. दोन दिवस घासून-पुसून लिहिला होता आणि वाचून मलाच बरं वाटलं होतं.

नामा सारसोळ्याचा. सारसोळे म्हणजे नेरुळच्या पोटात राहिलेलं मूळ गाव. आम्ही सोसायटीवाले नंतर आलो, आणि आल्या आल्या पहिली लेखी तक्रार केली ती सुक्या मासळीच्या वासाची. गावाच्या खालच्या अंगाला मंडळाचा तलाव आहे. वस्तीचं सगळं पाणी नाल्यांतून त्यात येतं आणि पुढे खाडीत जातं. तलाव आणि खाडी यांच्यामध्ये एक लोखंडी दार. आमच्या कागदांत त्याचं नाव ‘भरती नियंत्रक द्वार क्रमांक सात’, गावात त्याला उघाडी म्हणतात. भरती चढायला लागली की चाक फिरवून दार बंद करायचं, नाहीतर खाडी उलटी नाल्यातून लोकांच्या चुलीपर्यंत येते. ओहोटी लागली की उघडायचं, नाहीतर वस्तीचं पाणी वस्तीतच तुंबतं. दिवसाकाठी दोनदा बंद, दोनदा उघड. हे काम नामा एकतीस वर्षं करत होता.

आता भरती काही कार्यालयीन वेळेत येत नाही. ती रोज पाऊण तास पुढे सरकते. हे ओळखायला नामाकडे घड्याळाआधी तिथी होती. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, पौर्णिमेला सव्वाअकरा. त्याच्या बापाला हे येत होतं, आज्याला येत होतं. मंडळाला येत नव्हतं, म्हणून मंडळाने एका सल्लागार कंपनीकडून दोनशे पानांचा अहवाल करून घेतला. तो माझ्या टेबलावर आहे. त्यावर मी चहाचा कप ठेवतो.

नामाला एक नोंदवही दिलेली होती. रकाने छापील: तारीख, दार बंद, दार उघड, शेरा. ‘तारीख’ या रकान्यात नामा तिथी लिहायचा. ‘चवथ. बंद साडेबारा. उघडी सवापाच.’ असं. महिनाअखेर कनिष्ठ अभियंता खाली ‘पाहिले’ लिहून सही करायचा. एकतीस वर्षांत नऊ अभियंते झाले आणि नवांनीही पाहिले. पाहिलं म्हणजे काय पाहिलं, हा प्रश्न असभ्य आहे, तो मी विचारत नाही.

मग मंडळात अंगठ्याचं यंत्र आलं. सकाळी पावणेदहाच्या आत अंगठा, संध्याकाळी सव्वासहानंतर अंगठा. यंत्र एकच, आणि ते बेलापूरच्या मुख्य कार्यालयात, कारण उद्घाटनाला अध्यक्षांना लिफ्ट लागते. सात नंबरच्या उघाडीवरच्या माणसाने आधी बेलापूरला येऊन अंगठा लावावा आणि मग सारसोळ्याला जाऊन भरतीला तोंड द्यावं, अशी सोय झाली. नामाने हे चार दिवस केलं. पाचव्या दिवशी सकाळी दहाची भरती होती. तो रिक्षात असताना पाणी गावात घुसलं आणि त्याच्याच घराच्या पायरीवर त्याची बायको सुमित्राबाई सुपाने पाणी बाहेर काढत उभी होती. ती काय बोलली ते मला माहीत नाही. सहाव्या दिवसापासून नामाने अंगठा लावणं बंद केलं, एवढं यंत्राला माहीत आहे.

यंत्राने दोनशे चौदा दिवस मोजले. ते मानसिंगरावांकडे गेले. मानसिंगराव तेव्हा आस्थापना उपप्रमुख, शिस्तीचे कट्टर भक्त. स्वतः अकराला येत, पण त्यांचा अंगठा रोज पावणेदहाला लागलेला असायचा. कसा, ते मला विचारू नका, मला अजून पेन्शन घ्यायची आहे. त्यांनी दोषारोपपत्र काढायला सांगितलं, मी काढलं. आरोप एक, दोनशे चौदा दिवस अनधिकृत गैरहजेरी. आरोप दोन, शासकीय नोंदवही अमान्य कालगणनेत ठेवणे.

चौकशी झाली. अगदी नियमानुसार झाली, म्हणजे अर्ध्या तासात झाली. चौकशी अधिकाऱ्याने विचारलं, अंगठा लावला होता का? नामा म्हणाला, नाय. दुसरा प्रश्न, वहीत तारखा आहेत का? नामा म्हणाला, नाय. मग त्याने सांगायचा प्रयत्न केला की मी रोज उघाडीवर होतो, गावात कोणालाही विचारा. त्यावर त्याला समजावण्यात आलं की तो उघाडीवर होता की नव्हता हा मुद्दा दोषारोपपत्रातच नाही, त्यामुळे विषय भरकटवू नये. दोन्ही आरोप सिद्ध झाले.

बडतर्फ माणसाला पेन्शन नसते. एकतीस वर्षांचं पाणी एका सहीत वाहून जातं. नामाचा जन्म एक जूनचा, म्हणजे गुरुजींनी शाळेत घालताना निम्म्या गावाचा जो लिहिला तोच. त्या हिशोबाने निवृत्तीला फक्त दीड वर्ष उरलं होतं. माझ्या आदेशाची शेवटची ओळ मात्र मोठी दयाळू होती: ‘या आदेशाविरुद्ध आदेश प्राप्त झाल्यापासून पंचेचाळीस दिवसांत अपील करता येईल.’ ही ओळ मी कधी विचार करून लिहिलेली नाही. ती जुन्या नमुन्यात असते, तिथून नव्यात येते. एकोणतीस वर्षांत कुणी अपील केलंही नव्हतं. आमचा शिपाई मारोती तो आदेश घेऊन सारसोळ्याला गेला, पोचपावती घेऊन आला आणि म्हणाला, नामाने चहा पाजला.

इथपर्यंत माझं काहीच बिघडलेलं नव्हतं. बिघडलं ते चार दिवसांनी, नेरुळच्या मासळी बाजारात. माझी बायको मीना मालवणकडची. आमच्या घरात मासळी नसेल त्या दिवशी स्वयंपाक झाला असं धरत नाहीत. ती वर्षानुवर्षं नामाच्या बायकोकडून, सुमित्राबाईंकडूनच घेते. त्या दिवशी टोपलीत पापलेट रसरशीत, वर बर्फ, आणि सुमित्राबाई मीनाला म्हणाल्या, म्हावरं संपलं. मीनाने टोपलीकडे बोट दाखवलं. सुमित्राबाईंनी टोपलीवर ओला कपडा टाकला आणि पुन्हा म्हणाल्या, संपलं. बाजूच्या दोघीजणींकडेही संपलं. पुढच्या फळीवरही संपलं. मीना भेंडी घेऊन घरी आली आणि पिशवी माझ्यासमोर आपटून तिने विचारलं की तू त्या माणसाचं नेमकं काय लिहिलंस. मी तिला नियम समजावून सांगितले. तिने पंधरा दिवस भेंडी केली.

सोळाव्या दिवशी मी सारसोळ्याला गेलो. न्यायाची चाड वगैरे काही नव्हती, भेंडीला कंटाळलो होतो. नामा पडवीत जाळं विणत होता. मला बघून उठला, खुर्ची दिली, पाणी दिलं. माझ्यावर रागावला असता तर बरं झालं असतं, निदान मला उलट रागावता आलं असतं. मी त्याला आदेशाची शेवटची ओळ वाचून दाखवली. अपील कर, म्हटलं. मी लिहून देतो. मसुदा माझ्यापेक्षा चांगला कोण लिहिणार? बडतर्फीत भोकं कुठे आहेत ते मला माहीत, कारण ती ठेवणारा मीच.

तेवढ्यात पुतण्या आला. विपुल. सरकारने घेतलेल्या जमिनीच्या बदल्यात मिळालेल्या साडेबारा टक्क्यांच्या प्लॉटवर दोन बिल्डिंगी, पांढरी गाडी, गळ्यात इतकं सोनं की मान वळवताना अख्खा माणूस वळतो. त्याला अपील हा शब्दच कमीपणाचा वाटला. ज्यांनी काढलं त्यांच्याच दारात परत जायचं, ही काय गोष्ट झाली? “काका, टेन्शन नको घेऊ,” तो म्हणाला. “आपन डायरेक्ट हायकोर्टात जाऊ. वकील आपला हाय.” मी सांगून पाहिलं की बाबा, अपिलाची पायरी सोडून थेट वर गेलं तर कोर्ट आधी तेच विचारतं. त्याने माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी रिक्षाने आलोय. मी रिक्षानेच आलो होतो.

पंचेचाळीस दिवस वकिलाच्या ऑफिसात गेले. याचिका जानेवारीत सुनावणीला आली. विपुल दोन गाड्या भरून माणसं घेऊन गेला, नामाला नवा पांढरा शर्ट. वकील उभे राहिले, घटनेपासून सुरुवात करावी म्हणून त्यांनी घसा साफ केला. न्यायमूर्तींनी शेवटचं पान आधी उलटलं, ती माझी दयाळू ओळ वाचली आणि विचारलं, अपिलाची तरतूद आहे, मग अपील केलं का? वकील म्हणाले, नाही. झालं. चार मिनिटं. पर्यायी मार्ग उपलब्ध असताना इथे येऊ नये, चार आठवड्यांत अपील करावं, मुदत टळली म्हणून ते नाकारू नये. एवढी मेहेरबानी केली, नाहीतर तिथेच ग्रंथ आटोपला असता. एकोणतीस वर्षांत माझी ती ओळ वाचणारा पहिला माणूस उच्च न्यायालयाचा निघाला. येताना एकाही गाडीत जागा नव्हती, म्हणून नामा बसने आला.

मग मी अपील लिहिलं. रोज संध्याकाळी नामाला समोर बसवून एकतीस वर्षं त्याच्याकडून काढून घेतली. वारंवार त्याचं लक्ष दाराकडे जायचं आणि मध्येच तो “येतो जरा” म्हणून उठून जायचा. अर्ध्या-पाऊण तासाने परत यायचा, हात धुतलेले. मला वाटायचं, प्रोस्टेटचा त्रास असेल, वय झालं. मी विचारलं नाही. अपील चौदा पानांचं झालं. बडतर्फीच्या आदेशातल्या प्रत्येक वाक्याचा मी त्यात असा समाचार घेतला की वाचताना मलाच माझा राग आला. सुमित्राबाईंनी त्या दिवशी मीनाकडे दोन पापलेटं पाठवली. म्हावरं पुन्हा सुरू झालं.

ऑफिसात अपील आलं तेव्हा आवक टेबलवरच्या मनालीने ते कुठल्या फाईलला लावायचं म्हणून दोन दिवस हातात धरलं होतं, कारण अशी फाईलच नव्हती. शेवटी तिने ‘इतर’मध्ये लावलं. तिथून ते फिरत फिरत माझ्याच टेबलावर आलं, वर शेरा: ‘परिच्छेदनिहाय अभिप्राय सादर करावेत.’ म्हणजे अपील लिहिणारा मी, आणि ते कसं बिनबुडाचं आहे ते लिहिणाराही मीच. नाही म्हणायची सोय नव्हती, आणि खरं सांगू का, नाही म्हणावंसं वाटलंही नाही. चौदा पानांना मी सोळा पानांचं उत्तर दिलं. शेवटी, सगळ्या अभिप्रायांच्या शेवटी टाकतो ते वाक्य टाकलं: ‘अपिलार्थीच्या बडतर्फीनंतर द्वार क्रमांक सातचे कामकाज सुरळीत सुरू असून कोणताही व्यत्यय आलेला नाही.’ खात्री करायला कनिष्ठ अभियंता प्रसादला फोन केला. तो त्याआधीच महापेच्या कार्यालयात बदलून गेला होता. म्हणाला, हो हो, सुरळीतच असेल, काही तक्रार नाही ना? तक्रार नव्हती. मग सुरळीतच.

आणि हे सगळं कुणापुढे ठेवायचं? अपिलीय अधिकारी म्हणजे आस्थापना प्रमुख. आणि जानेवारीत पदोन्नती होऊन आस्थापना प्रमुख झाले होते आपले मानसिंगराव. म्हणजे ज्यांनी काढलं, तेच आता ठरवणार की त्यांनी काढलं ते बरोबर होतं का. मानसिंगरावांना त्यात काहीच विचित्र वाटलं नाही. मला बोलावून म्हणाले, नंदकुमार, प्रकरण आपल्या माहितीतलं आहे, फार वेळ नको घालवायला. फेटाळल्याचा मसुदा ठेवा.

आमच्या नियमावलीत एक कलम आहे. आदेश काढणाराच पुढे अपिलीय अधिकारी झाला, तर अपील त्याच्या वरच्याकडे जातं. मला ते पाठ होतं. कलमाचं पान दुमडून मी ते तीन महिने ड्रॉवरमध्ये ठेवलं. रोज ड्रॉवर उघडायचो, डबा काढायचो, पान बघायचो, बंद करायचो. मी काही शूर माणूस नाही. तीन महिने एक माणूस घरी बसून आपल्या नशिबाची वाट बघतोय आणि मी पोळी-भाजी खातोय, याची मला लाज वाटत होती, पण भूकही लागत होती. शेवटी मानसिंगराव दहा दिवस रजेवर गेले आणि प्रभारी म्हणून फाईलवर दुसऱ्याच साहेबांची सही व्हायची होती. त्या दहा दिवसांत मी टिपणीत एक वाक्य घातलं: ‘मूळ आदेश मा. आस्थापना प्रमुखांच्याच स्वाक्षरीचा असल्याने, नियमानुसार सदर अपील मा. व्यवस्थापकीय संचालकांकडे सादर करणे उचित होईल.’ प्रभारी साहेबांनी न वाचता सही केली. आमच्या कार्यालयाची ही पद्धत मी आयुष्यभर नावाजत आलोय. मानसिंगराव परत आले, त्यांनी फाईल मागवली, आणि आठवड्याभरात माझी बदली भांडार शाखेत झाली. तिथे मी आता रबरी गमबूट मोजतो. पण फाईल वर गेली होती.

व्यवस्थापकीय संचालक म्हणजे प्रियदर्शिनी मॅडम. बाहेरून आलेल्या, कडक, कमी बोलणाऱ्या. सुनावणी नोव्हेंबरात लागली, सकाळी अकराला. प्रकरणाची माहिती मलाच, म्हणून भांडारातून मलाही बोलावलं. नामा साडेदहालाच येऊन बाकावर बसला होता, तोच पांढरा शर्ट. मॅडमना मंत्रालयातून बोलावणं आलं, म्हणून अकराचे बारा झाले, बाराचे दोन. नामा घड्याळ बघायचा, उठायचा, बसायचा. मला वाटलं, धीर सुटलाय. मी त्याला हळूच म्हटलं, घाबरू नकोस.

सव्वादोनला सुनावणी सुरू झाली. मंडळातर्फे मानसिंगराव स्वतः बोलले, फार छान बोलले, माझेच अभिप्राय होते. अंगठा, दोनशे चौदा दिवस, अमान्य कालगणना. शेवटी आवाज चढवून ते वाक्य वाचलं की अपिलार्थी गेल्यापासून तेरा महिने दार सुरळीत सुरू आहे, कोणताही व्यत्यय नाही, सबब सदर कर्मचाऱ्याची मंडळास आवश्यकताच नव्हती हे सिद्ध होतं. मॅडम नामाकडे वळून म्हणाल्या, तुम्हाला काही सांगायचंय?

नामाला बोलायला मी पाठ करून दिलेलं होतं, नैसर्गिक न्यायतत्त्व वगैरे. तो उभा राहिला. भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं. अडीच.

“मॅडम, मना सोडा आता,” तो म्हणाला. “आज सप्तमी हाय. साडेतीनला उघाडी बंद कराची हाय, नायतर पानी गावान जाईल.”

मॅडमनी विचारलं, तुम्ही तर बडतर्फ आहात ना? नामा म्हणाला, हो. मग दार कोण बंद करतं? नामा म्हणाला, मीच. कधीपासून? त्याला प्रश्नच कळला नाही. तो माझ्याकडे बघायला लागला, म्हणजे या बाईला एवढंही माहीत नाही का, अशा अर्थाने.

बडतर्फ केल्यावर त्याच्या जागी कुणाला नेमायचं राहून गेलं होतं. राहून गेलं म्हणजे मी प्रस्ताव ठेवला होता, तो वित्त शाखेत पद गोठवण्यात अडकला. चाकाच्या कुलुपाची चावी परत घ्यायचीही राहून गेली. आदेशात ‘शासकीय मालमत्ता जमा करावी’ हे वाक्य मी नमुन्यातून उचलताना सुटलं होतं. त्यामुळे तेरा महिने नामा रोज जात होता, चाक फिरवत होता आणि वही लिहीत होता. जुनी वही संपली तेव्हा त्याने दुकानातून शाळेची शंभर पानी घेतली आणि पट्टीने रकाने आखले. माझ्यासमोर बसून तो “येतो जरा” म्हणून उठायचा तेव्हा तो उघाडीवरच जायचा. चौदा पानांच्या अपिलात हे एका ओळीतही नव्हतं, कारण मी त्याला बडतर्फीच्या आधीचं सगळं विचारलं, नंतरचं एकदाही नाही. आणि त्याला ते सांगण्यासारखं वाटलं नाही.

पहिले सावरले मानसिंगराव. त्यांनी लगेच निदर्शनास आणलं की बडतर्फीनंतर शासकीय दाराला हात लावणं हा गंभीर गुन्हा आहे आणि याबाबत पोलिसांत तक्रार व्हायला हवी. मॅडम म्हणाल्या, “म्हणजे ते तिथे रोज होते, हे तुम्हाला मान्य आहे.” मग मॅडमनी मानसिंगरावांचेच अभिप्राय उचलून शेवटचं वाक्य पुन्हा वाचलं. सुरळीत सुरू असून कोणताही व्यत्यय नाही. मग आपल्या ड्रायव्हरला बोलावलं आणि नामाला सारसोळ्याला सोडून यायला सांगितलं. साडेतीनच्या आत, म्हणाल्या.

आदेश डिसेंबरात निघाला. बडतर्फी रद्द. बडतर्फीचा कागद मिळाल्याच्या दिवसापासूनचा सगळा काळ, वहीतल्या नोंदींच्या आधारे, कामावर हजर असा धरावा. अंगठ्याचं यंत्र उघाडीवरच बसवावं. यंत्र मार्चमध्ये आलं. अजून खोक्यातच आहे, नामा त्या खोक्यावर वही ठेवून लिहितो. मानसिंगरावांनी एका कार्यक्रमात आपल्या मंडळातल्या निष्ठावान कर्मचाऱ्यांबद्दल भाषण केलं, नामाचं उदाहरण देऊन. मी टाळ्या वाजवल्या. विपुलने गावात बॅनर लावला, त्यावर नामापेक्षा विपुलचा फोटो मोठा आहे आणि खाली लिहिलंय, ‘आमच्या लढ्याला यश’.

आता सगळं संपलं असं तुम्हाला वाटेल. तुम्ही पेन्शन शाखा पाहिलेली नाही. एप्रिलमध्ये नामाचे पेन्शनचे कागद तिथून परत आले. आक्षेप: ‘हजर धरलेल्या कालावधीतील नोंदी तिथीनुसार आहेत. त्या तारखेनिहाय करून सादर कराव्यात. तोपर्यंत प्रकरण प्रलंबित.’ नामाला निवृत्तीला दीड महिना. भांडारातल्या माणसाला वेळ असतो, म्हणून मीच म्हटलं, मी करून देतो.

रविवारी सकाळी दिनदर्शिकेची जुनी पानं घेऊन त्याच्या पडवीत बसलो. सुमित्राबाईंनी चहा ठेवला. कपात साखर होती. नामाने शंभर पानीच्या आधीची, मंडळाची छापील वही काढून दिली, कारण सुरुवात त्यातच होती. चारशेच्या वर दिवस तिथीवरून तारखेवर आणायचे, आणि पहिला दिवस तो, ज्या दिवशी त्याला आदेश मिळाला. मी पान शोधलं. बोट फिरवत त्या ओळीवर आलो.

‘भाद्रपद वद्य एकादशी. बंद सहा. उघडी साडेदहा. बारा वाजता हापिसचा कागद घेतला. बंद साडेसहा.’

मी दोन दिवस घासून-पुसून लिहिलेला आदेश. तो दोन भरत्यांच्या मध्ये आला होता, त्याने तो शेऱ्यात नोंदवला होता आणि संध्याकाळी नेहमीसारखा दार बंद करायला गेला होता. कागदात काय आहे ते त्याला तोवर कळलं होतं का, असं मी विचारलं. जाळ्याची गाठ दाताने ओढत तो म्हणाला की मारोतीने वाचून दाखवलं होतं, सगळं. माझं अक्षर न अक्षर. मग तू गेलास कसा, हे विचारायला माझं तोंड झालं नाही.

मला रडू येईल असं वाटलं, म्हणून मी दिनदर्शिकेत तोंड घातलं. एकादशी, दहा ऑक्टोबर, मंगळवार. पेन्शन शाखेच्या तक्त्यात पहिल्या ओळीवर तारीख लिहिली. पुढचा रकाना उपस्थितीचा होता. त्यात माझ्या सुवाच्य, एकोणतीस वर्षांच्या सवयीच्या अक्षरात लिहिलं: हजर.